लिंकन सर्किटवर असतात तेव्हा

पहाट. इलिनॉयमधल्या एका आडगावची खाणावळ. एकेका पलंगावर दोन-दोन वकील. स्वतंत्र पलंग फक्त न्यायाधीश डेव्हिड डेव्हिस यांना, कारण त्यांचं वजन 300 पौंडांच्या घरात. 1850 च्या दशकातला हा शरद ऋतू. काँग्रेसमधली एकच मुदत संपवून 1849 मध्ये परतलेले अब्राहम लिंकन पुन्हा वकिलीत बुडाले आहेत. वर्षातून दोनदा आठव्या सर्किटचं कोर्ट गावोगाव फिरतं, आणि लिंकन जवळजवळ अख्ख्या फेरीत त्याच्यासोबत असतात.

सात. न्याहारीला न्यायाधीश, वकील, साक्षीदार एकाच टेबलावर. लिंकन पुढ्यात येईल ते मुकाट्याने खातात. मग बग्गी जुंपायची. माळरानावर पूल क्वचितच, ओढ्याला उतार शोधत जायचं.

दहा. मेटामोरा. वरच्या मजल्यावर कोर्ट. 1845 ची ती इमारत आजही उभी आहे. गावातले वकील अशिलांना घेऊन वाट बघत असतात. ओळख, हकिकत, कैफियत आणि सुनावणी, बरेचदा सगळं एकाच दिवसात. थकलेलं कर्ज, जमिनीचा तंटा, अब्रुनुकसानी. फी बहुधा 5 ते 20 डॉलर, त्यातली निम्मी स्प्रिंगफील्डचे भागीदार विल्यम हर्नडन यांची. महत्त्वाचे कागद उंच टोपीच्या आत.

दुपार. खरे लिंकन बघायचे ते ज्यूरीसमोर. विरोधी वकिलाचे पाच मुद्दे ते खुशाल मान्य करून टाकतात. समोरच्याला वाटतं, जिंकलो. पण ज्या सहाव्या मुद्द्यावर सगळा दावा उभा, तो त्यांनी कधीच सोडलेला नसतो. 7 मे 1858 ला, या सर्किटबाहेरच्या बिअर्ड्सटाउनमध्ये, त्यांनी खुनाच्या आरोपातल्या डफ आर्मस्ट्राँगचा बचाव असाच केला. रात्री अकराच्या सुमारास लख्ख चांदण्यात मारहाण पाहिली, असं मुख्य साक्षीदार म्हणत होता. लिंकननी त्याला तेच पुनःपुन्हा सांगू दिलं आणि मग शांतपणे पंचांग पुढे केलं. त्या वेळी चंद्र मावळतीला टेकला होता. डफ सुटला. त्याच्या विधवा आईकडून लिंकननी एक पैसा घेतला नाही. तिच्या घरचं मीठ त्यांनी तरुणपणी खाल्लं होतं.

संध्याकाळ. कोर्टाच्या आठवड्यात आसपासचे शेतकरी गावात लोटतात, त्यामुळे सभेला माणसं आयती मिळतात. 1854 मध्ये कॅन्सस-नेब्रास्का कायद्याने गुलामगिरीला नव्या प्रदेशांची दारं उघडली आणि लिंकन राजकारणात परतले. माझ्या मते हा नेता काँग्रेसमध्ये नव्हे, इथे घडला. दिवसभर शेतकऱ्यांच्या ज्यूरीला पटेल असं बोलणाऱ्याला रात्री त्याच लोकांपुढे वेगळी भाषा शोधावी लागत नव्हती.

मध्यरात्र उलटलेली. खोलीत सगळे घोरताहेत. लिंकन उशाशी मेणबत्ती ठेवून युक्लिडची भूमिती वाचताहेत, पाय पलंगाबाहेर. सगळं मिळून वर्षभरही शाळा न लाभलेला हा माणूस चाळिशीत युक्लिडचे सहा खंड जवळपास पचवतो. सिद्ध करणं म्हणजे काय, हे त्याला मुळापासून शिकायचं आहे.

याच सोबत्यांपैकी काही जण मे 1860 मध्ये शिकागोच्या रिपब्लिकन अधिवेशनाला गेले. डेव्हिस त्यांचे म्होरके. एकेका राज्याच्या प्रतिनिधींना गाठून त्यांनी मतं जुळवली, आणि तिसऱ्या फेरीत राष्ट्राध्यक्षपदाची उमेदवारी लिंकनना मिळाली.