दप्तरी वय

31 मेच्या सायंकाळी रत्नागिरीच्या जिल्हाधिकारी कचेरीपासून जिल्हा परिषदेच्या खेड्यापाड्यांतील शाळांपर्यंत निवृत्तांच्या शाल-श्रीफळांची जी एकच झुंबड दर वर्षी उडते, आणि जिची बातमी वाचक यंदाही वाचून चुकले असतील, तिचे मूळ एवढेच की, जन्माचा दाखला नसलेले पोर जूनमध्ये शाळेत आणले गेले म्हणजे गुरुजी त्याला डोक्यावरून हात नेऊन पलीकडचा कान धरावयास सांगत, कान हाती लागला की सहा वर्षे पुरी झाली असे मानीत, आणि दाखल-खारीज रजिस्टरात 1 जून ही तारीख निःशंकपणे लिहून टाकीत. महिन्याच्या पहिल्या तारखेस जन्मलेला नोकर आधल्या महिन्याच्या अखेरच्या दिवशी निवृत्त होतो; आईच्या आठवणीतला शिमगा किंवा भातलावणी दप्तरात कधी शिरलीच नाही.

वयाच्या तकरारीत या जिल्ह्याची कैफियत फार जुनी आहे. मुरुडचे धोंडो केशव कर्वे 1875 साली, भर पावसाळ्यात, सह्याद्री चढून पायी साताऱ्यास पोहोचले ते सरकारी नोकरीची वाट उघडणाऱ्या मराठी सहाव्या इयत्तेच्या परीक्षेसाठी. परीक्षेस सतरा वर्षे पुरी असावी लागत, आणि 18 एप्रिल 1858चा जन्म असल्याने ती पुरी झालीही होती. परंतु परीक्षक-मंडळाच्या अध्यक्षांनी त्या किरकोळ देहयष्टीकडे एकवार पाहिले आणि, दाखला जवळ असताही, हा मुलगा सतरांचा दिसत नाही, असे म्हणून त्यास परत पाठविले. ज्यास सरकारने कोवळा ठरविला तो पुढे एकशेचार वर्षे जगला, हा दैवाने सरकारदरबारी सादर केलेला बिनतोड पुरावा म्हणावयास हरकत नाही!

तेव्हा साहेबाच्या नजरेने कागद खोडला. आज कागदापुढे नजरेची मातबरी नाही. सेवापुस्तकाच्या पहिल्या पानावर जन्मदिनांक आकड्यांत आणि अक्षरांत एकदा उतरला की, 1981च्या सेवाशर्ती नियमांतील 38व्या नियमान्वये, उघड लेखनदोष असल्यावाचून अथवा दुसऱ्या कोणाच्या हयगयीने चूक झाल्याचे सिद्ध झाल्यावाचून तो बदलत नाही, आणि बदलाचा अर्जही नोकरीच्या पहिल्या पाच वर्षांतच करावा लागतो. मला ही मुदत जाचक वाटत नाही. 1993 साली सर्वोच्च न्यायालयापुढे आलेल्या एका कर्मचाऱ्यास आपली खरी जन्मतारीख सेवेत लागून पस्तीस वर्षे उलटल्यावर, निवृत्ती दाराशी आल्यावर उमगली होती. आणि एकाचे वय लांबले की त्याच्या खाली बढतीची वाट पाहत बसलेल्यांची सारी रांग अडते, हेही त्याच वर्षी न्यायालयाने बजावले. तत्कालीन लष्करप्रमुख व्ही. के. सिंग यांनासुद्धा जन्मसाल 1950 की 1951 या वादातील आपला अर्ज फेब्रुवारी 2012 मध्ये मागे घ्यावा लागला, तेथे कारकुनाची काय कथा?

माझी शंका वेगळ्याच जागी आहे. राज्यात निवृत्तीचे वय अठ्ठावन्न, चतुर्थ श्रेणीस साठ. परंतु 1982च्या निवृत्तिवेतन नियमांनी पस्तिशीपूर्वी सेवेत आलेल्या राजपत्रित अधिकाऱ्यास पन्नाशीनंतर व इतरांस पंचावन्ननंतर, तीन महिन्यांची नोटीस देऊन, लोकहितार्थ घरी पाठविण्याचा अधिकार सरकारने आपल्या हाती राखून ठेविला आहे. येथे ती साताऱ्याची नजर गोपनीय अहवालाच्या रूपाने परत येते. ही शिक्षा नव्हे, म्हणून आधी म्हणणे ऐकून घेण्याचेही बंधन नाही, आणि कर्मचाऱ्यास कधी कळविलाच नाही असा प्रतिकूल शेराही जमेस धरता येतो, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने 1992 साली दिला. निवृत्तिवेतन मिळते हे खरे. पण नालायकीचा बोभाटा गावभर होतो, त्याची भरपाई कोणत्या लेखाशीर्षाखाली करावयाची? केंद्रात 1998 पासून साठ आहेत म्हणून राज्यातही साठ करा, ही कर्मचारी संघटनांची मागणी वाजवी असेल. परंतु त्याआधी त्यांनी प्रत्येक शेऱ्याची नक्कल वर्षाच्या वर्षाला मागून घ्यावी, असे मला वाटते.