धानसाक

धानसाक : (धनसाक). मटण, डाळी व भाज्या एकत्र शिजवून केलेला, दाट व मसालेदार असा पारशी समाजातील पारंपरिक खाद्यपदार्थ. गुजरातीतील ‘धान’ (धान्य) व ‘शाक’ (भाजी) या शब्दांवरून हे नाव आले, असे सामान्यतः मानतात. करपवलेल्या साखरेने तपकिरी केलेला भात व कांद्याची कचुंबर यांच्याबरोबर तो खाण्याची पद्धत आहे. मुंबई, पुणे, सुरत, नवसारी इ. ठिकाणच्या पारशी घरांतून तो विशेषेकरून रविवारी दुपारच्या जेवणात केला जातो.

पूर्वपीठिका : आठव्या ते दहाव्या शतकांच्या दरम्यान इराणातून गुजरातच्या किनाऱ्यावर आलेल्या जरथुश्त्री लोकांनी आपल्या मूळ पाकपद्धतीशी स्थानिक जिन्नसांची सांगड घातली. मांस व कडधान्ये एकाच भांड्यात मंद आचेवर शिजविण्याची रीत इराणात आजही आढळते. ‘आबगोश्त’ हा पदार्थ त्याचे उदाहरण होय. तूरडाळ, वांगी, चिंच व गूळ यांचा वापर मात्र गुजरातेतील आहे. लाल भोपळा, बटाटा व मिरची या मूळच्या अमेरिका खंडातील वनस्पती असून त्या सोळाव्या शतकानंतरच भारतात रुजल्या. त्यामुळे धानसाकाचे आजचे रूप त्यापूर्वीचे असू शकत नाही.

घटक : सहा माणसांसाठी सामान्यतः पुढील प्रमाण घेतात : हाडांसह मटण ५०० ग्रॅ.; तूरडाळ १५० ग्रॅ.; मसूर, मूग व वाल यांच्या डाळी प्रत्येकी ५० ग्रॅ.; लाल भोपळा २०० ग्रॅ.; एक लहान वांगे; एक बटाटा; दोन कांदे; मूठभर मेथी; थोडा पुदिना व कोथिंबीर; चिंच २५ ग्रॅ. व गूळ २० ग्रॅ. आले, लसूण, सुक्या मिरच्या, धने व जिरे यांचे वाटण करतात. धानसाकाच्या कोरड्या मसाल्यात दालचिनी, लवंग, वेलदोडा, मिरी, तमालपत्र, बाद्यान, दगडफूल, जायपत्री, मेथीदाणे इ. पदार्थ असतात. हे प्रमाण घराण्यागणिक बदलते व बहुधा आईकडून मुलीकडे, सासूकडून सुनेकडे तोंडी चालत येते.

कृती : डाळी धुऊन एक-दोन तास भिजत घालतात. जाड बुडाच्या पातेल्यात डाळी, मटण, चिरलेल्या भाज्या, हळद व मीठ घालून, ते सर्व बुडेल इतके पाणी ओततात आणि मंद आचेवर मटण मऊ होईपर्यंत शिजवितात. यास दीड ते दोन तास लागतात. मग मटणाचे तुकडे वेगळे काढतात आणि डाळी व भाज्या घोटून चाळणीतून गाळतात. दुसऱ्या पातेल्यात तेलावर किंवा तुपावर कांदा तांबूस परतून त्यात वाटण व कोरडा मसाला घालतात आणि तेल सुटू लागले की गाळलेली डाळ ओततात. शेवटी चिंचेचा कोळ व गूळ घालून, मटण परत सोडून पंधरा-वीस मिनिटे रटरटू देतात. तयार धानसाक पळीवरून सावकाश ओघळेल इतके दाट असावे. तळ लागू नये म्हणून या टप्प्यात ते वारंवार ढवळावे लागते.

भातासाठी साखर कोरड्या पातेल्यात वितळवून गडद तपकिरी करतात, तीत पाणी घालतात आणि तळलेला कांदा, अख्खा मसाला व तांदूळ टाकून भात शिजवितात. साखर काळी पडल्यास भात कडू होतो.

शास्त्रीय दृष्टी : मटणातील संयोजी ऊतकात (पेशी व स्नायू यांना जोडणाऱ्या भागात) कोलॅजेन हे प्रथिन असते. पाण्यात दीर्घकाळ उष्णता मिळाल्यास त्याचे विद्राव्य जिलेटिनात रूपांतर होते. त्यामुळे मांस मऊ होते व रस्त्याला दाटपणा येतो. म्हणूनच मांडी व खांद्याचे हाडांसह मांस या पदार्थास योग्य ठरते. प्रेशर कुकरमध्ये तापमान सु. १२०° से. पर्यंत जात असल्याने हीच क्रिया अर्ध्याहून कमी वेळात घडते. चिंच शेवटी घालण्याची परंपरा सकारण आहे : अम्लामुळे भाज्या व डाळी यांच्या पेशीभित्तीतील पेक्टिन लवकर विरघळत नाही व डाळ शिजण्यास विलंब लागतो. मसाला तेलात परतल्याने त्यातील स्वादद्रव्ये स्निग्धांशात उतरून सर्व पदार्थभर पसरतात. आच तीव्र झाल्यास मात्र तो करपून कडवट होतो. भातात कमी असलेले लायसीन हे ॲमिनो अम्ल डाळींतून मिळते, तर मांसामुळे डाळी व पालेभाज्या यांतील लोहाचे शोषण सुधारते. उरलेले धानसाक लवकर थंड करून शीतकपाटात ठेवावे व पुन्हा वाढताना चांगले उकळावे.

सामाजिक स्थान : पारशी कुटुंबात मृत्यू झाल्यास पहिले तीन दिवस मांसाहार वर्ज्य असतो. चौथ्या दिवशी पहाटे मृताचा आत्मा चिन्वत पुलाशी पोहोचून त्याचा न्याय होतो, अशी श्रद्धा आहे. त्या दिवसाचे विधी झाल्यावर धानसाक करून मांसवर्जन संपवितात. या संबंधामुळे लग्न, नवजोत, वाढदिवस अशा शुभप्रसंगी धानसाक करीत नाहीत. त्या वेळी पांढरा भात, पिवळे वरण व माशांचा पातियो (‘धान दार ने पातियो’) यांना मान असतो. रोजच्या आवडीचा व शोकसमाप्तीचा असा दुहेरी अर्थ एकाच पदार्थास लाभला आहे. ब्रिटनमधील भारतीय उपाहारगृहांत या नावाने मिळणारा, कित्येकदा अननस घातलेला आंबटगोड पदार्थ मूळ धानसाकाहून बराच भिन्न असतो.

२०११ च्या जनगणनेनुसार भारतात पारशांची संख्या ५७,२६४ होती; १९४१ मध्ये ती एक लाखाहून अधिक होती. घरगुती मसाल्यांची प्रमाणे मुख्यतः मौखिक परंपरेने टिकत असल्याने कुटुंबे घटली की त्यांतील भेदही लोपतात. पारशी पाककृतींच्या पुस्तकांनी सर्वसामान्य कृती जतन केली आहे; तथापि एकेका घराचा मसाला त्या घरच्या वहीत लिहिला गेला तरच पुढील पिढीच्या हाती पडू शकतो.