भिंतीत किती इंच?

पेपरात घरफोडीची बातमी ठरलेल्या शब्दांत येते: बंद फ्लॅटचा कडीकोयंडा उचकटून. आमच्या शेजारच्या विंगमध्ये मात्र दाराला कुणी हातही लावला नव्हता. तळमजल्याच्या बेडरूमचं ग्रिल काढून बाहेरच्या भिंतीला नीट टेकवून ठेवलेलं होतं. एकही गज कापलेला नाही, वाकलेला नाही. खाली पडले होते ते फक्त चौकटीचे स्क्रू. ते शाबूत ग्रिल बघून मी धास्तावले. आमच्या खिडक्यांनाही बिल्डरने तेच दिलं होतं.

नवं करायचं ठरलं, तेव्हा ते बनतं कसं हे बघायला नऱ्ह्याच्या बाजूला एका फॅब्रिकेशनच्या शेडमध्ये जाऊन बसले. माप, कटिंग, चौकट जुळवणं हे सगळं भराभर उरकतं. जळक्या लोखंडाचा वास मात्र कपड्यांना चिकटून घरापर्यंत येतो. तिथले मिस्त्री लातूरकडचे, पन्नाशीचे. प्रत्येक जोड वेल्ड केला की हातोडीने वरची खपली पाडायचे, वाकून बघायचे, कुठे फट दिसली की पुन्हा रॉड लावायचे. शेजारचा पोरगा नुसता टाका मारून पुढे जात होता. मिस्त्रींनी त्याला थांबवलं. मला म्हणाले, "टाक्यावर लांबी भरून रंग मारला की तुम्हाला काय कळणार, ताई?" खरंच कळलं नसतं. त्यांचं ते वाकून बघणं मला फार मोलाचं वाटलं, आणि पुढे दुकानोदुकानी फिरताना तेच आठवत राहिलं.

ग्रिलचा हिशेब किलोवर होतो. १० मिमीचा चौकोनी गज मीटरला ७८५ ग्रॅम भरतो, १२ मिमीचा १ किलो १३० ग्रॅम. त्यामुळे गिऱ्हाईक वजनाचं बोलतं, दुकानदारही वजनाचंच बोलतो. चकचकीत स्टीलच्या पोकळ पाइपांना मी ठाम नाही म्हटलं. पातळ पत्र्याचा तो पाइप हाताने दाबूनच बघावा. पण मिस्त्रींना जाडीचं कौतुक नव्हतं. "चोर गज कापत बसत नाही. आवाज होतो. तो स्क्रू बघतो." मग त्यांनी विचारलं, भिंत कसली आहे? हा प्रश्न तोवर मला कुणीच विचारला नव्हता.

यूपीव्हीसी खिडक्यांच्या शोरूममध्ये विक्रेत्याने एक आकडा सांगितला: ३ मिनिटं. युरोपच्या ईएन १६२७ या मानकात आरसी-२ वर्गाच्या खिडकीने स्क्रूड्रायव्हर, पक्कड आणि पाचर यांच्यापुढे ३ मिनिटं टिकायचं असतं. कटावणी आली की आरसी-३, आणि तिथे ५ मिनिटं. काचही नुसती टफन्ड चालत नाही, कारण ती फुटली की सगळीच्या सगळी चुऱ्यासारखी गळून पडते. लॅमिनेटेड काच तडकली तरी मधल्या पापुद्र्याला धरून राहते. एवढा खर्च करून ३ मिनिटंच? पण नजरेच्या टप्प्यात माणसं राहत असतील, तर चोराला ३ मिनिटं फार होतात.

मिस्त्रींना आकडा सांगितला. म्हणाले, "स्क्रू बाहेरून असला तर ३ मिनिटंसुद्धा कशाला लागतात?" आमची भिंत सिपोरेक्स ब्लॉकची निघाली. त्यात फुगणारा अँकर फास्टनर घट्ट बसत नाही, ब्लॉकच आतून भुगा होतो. तिथे भिंतीच्या आरपार बोल्ट घालून आतून पट्टी द्यावी लागते, किंवा केमिकल अँकर भरावा लागतो. काँक्रीटचा कॉलम शेजारी असेल तर फास्टनर त्यात न्यायचा. बाहेर राहिलेलं बोल्टचं डोकं वेल्ड करून टाकायचं, म्हणजे पान्ह्याने फिरणार नाही. प्लॅस्टरमध्ये अडकवलेला दीड इंची स्क्रू म्हणजे संरक्षणाचा नुसता देखावा, असं माझं स्पष्ट मत झालं आहे. त्याचे पैसे घेणाऱ्यांचा मला राग येतो.

एका गोष्टीवर मात्र मी मिस्त्रींशी वाद घातला. त्यांना सगळ्या खिडक्या कायमच्या बंद हव्या होत्या. मी बेडरूमच्या ग्रिलला आतून उघडणारी झडप मागितली. आगीत ग्रिल कापून माणसं बाहेर काढावी लागल्याच्या घटना आपल्याकडे घडलेल्या आहेत. धुराने भरलेल्या खोलीत ३ मिनिटांचा अर्थ वेगळा होतो. शेवटी त्यांनी बिजागऱ्या आतल्या बाजूला घेतल्या आणि कुलपाला बाहेरून हात पोचणार नाही अशी पट्टी जोडली. किल्ली खिळ्याला, बाहेरून हात पोचणार नाही पण घरातल्या सगळ्यांना माहीत असेल अशा जागी.

कोटेशनवर गजाचा आकार, किलोचा दर आणि रंगाचे हात लिहिलेले होते. मी त्याखाली भिंतीचा प्रकार, बोल्टची लांबी आणि 'बाहेरून फिरणारा एकही स्क्रू नाही' एवढं लिहून घेतलं. बसवण्याचे पैसे त्यामुळे वाढले. ते मी घासाघीस न करता दिले.