पान तिकडे जुळवावे की इकडे?

दहावीची परीक्षा चालू आहे अशी कल्पना करा. नाशिकमधली एक मुलगी पहाटे पाच वाजता मोबाईलवर वेळापत्रकाचे पान उघडते. 'आज पेपर नाही' असे दिसते आणि ती पुन्हा पांघरूण ओढते. आणखी क्षणभर पाहिले असते, तर अक्षरे बदलून 'आज : गणित' असे उमटलेले तिला दिसले असते! असे का व्हावे?

वेबपान तयार करण्याच्या दोन रीती आहेत. एकीत दूरचा संगणक, म्हणजे सर्व्हर, जावास्क्रिप्ट भाषेतील सूचना पाठवतो आणि पान तुमच्या ब्राउझरमध्ये जुळते. सुरगाण्याच्या डोंगरात रेंज कमी असली, की तोवर पडदा कोरा. दुसरीत सर्व्हर पान जुळवूनच पाठवतो. मजकूर लगेच वाचता येतो. सूचना मागाहून येतात, ब्राउझर तोच हिशेब पुन्हा करतो आणि पानावरच्या बटणांत जीव येतो. याला 'हायड्रेशन' म्हणतात. वाळलेल्या शेवयांत गरम पाणी घालावे, तसेच काहीसे!

मेख इथेच आहे. दोन्हीकडचा हिशेब जुळला पाहिजे. सर्व्हरचे घड्याळ बहुधा जागतिक वेळेवर चालते. आपली वेळ त्याहून साडेपाच तास पुढे. नाशिकला पहाटेचे ५, तेव्हा त्या घड्याळात आदल्या रात्रीचे ११.३० वाजलेले असतात. पडद्याच्या रुंदीचेही तसेच. सर्व्हरला पडदाच नाही! रुंदी विचारणारा तुकडा तिथे 'विंडो' नावाची वस्तू शोधतो, ती सापडत नाही आणि काम अडते.

उपाय समजायला नाशिक रोडला जाऊ. तिथल्या प्रतिभूति मुद्रणालयात १९२६ पासून टपाल तिकिटे छापली जातात. तिकिटावर चित्र व किंमत असते. पत्र टाकल्याची तारीख नसते. ती टपाल कार्यालयाचा शिक्का सांगतो. पानाचे तुकडेही असेच लिहावे लागतात. सर्वांना सारखे ते सर्व्हरवर छापायचे. रुंदीसारखे स्थानिक ते ब्राउझरमध्ये पोचल्यावर विचारायचे. 'रिअ‍ॅक्ट' या साधनात 'यूजइफेक्ट'मधल्या सूचना सर्व्हरवर चालतच नाहीत, त्या याचसाठी. वेळापत्रकाला मात्र, माझ्या मते, शिक्क्याची वाट पाहू नये. परीक्षा भारतीय वेळेनेच होते. तेव्हा दोन्हीकडे भारतीय वेळच धरायला सांगावे.

एक प्रयोग करा. संगणकावर ब्राउझरच्या सेटिंगमध्ये जावास्क्रिप्ट बंद करून आवडते पान पुन्हा उघडा. मजकूर दिसला, तर तो सर्व्हरवरून तयार होऊन आला. आता बटणे दाबून पाहा. किती मुकी झाली ते मोजा. नंतर जावास्क्रिप्ट चालू करायला विसरू नका.