मानीच्या अंगणातली बाराखडी

(आकाशवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)

मंडळी, मी प्राथमिक शाळेतली निवृत्त शिक्षिका. एकतीस वर्षं पहिली-दुसरीच्या मुलांकडून बाराखडी घोटून घेतली. त्यामुळे मेक्सिकोत जाऊन काय पाहिलंत, असं कुणी विचारलं, की मी म्हणते, बाराखडी पाहिली. ऐकणारा हसतो. पण त्या दिवशी पिरॅमिड पाहिले, चर्च पाहिली, आणि त्या दोन्हींच्या मध्ये मला खरोखरच एक बाराखडी भेटली.

माझी लेक आणि जावई ह्यूस्टनला असतात. त्यांच्याबरोबर चार दिवस मेरिदाला गेले होते. मेक्सिकोच्या पूर्वेला युकातान नावाचं द्वीपकल्प समुद्रात शिरलंय, त्यातलं हे मोठं शहर. पहिल्या दिवशी बसनं चिचेन इत्साला नेलं. आपल्या ताजमहालाबरोबर 2007 साली नव्या सात आश्चर्यांत निवडलं गेलं, ते हेच. बसमध्ये चाळीस माणसं, वर रणरणतं ऊन, आणि 'चला चला'चा घोषा. पिरॅमिड भव्य आहे यात शंका नाही, पण परतताना माझ्या लक्षात राहिली होती फक्त गाईडच्या हातातली लाल छत्री. रात्री मी कुरकुर केली. जावयांनी लगेच दुसऱ्या दिवसासाठी गाईडसकट स्वतंत्र मोटार ठरवली. सात वर्षांचा नातू बसला कंटाळला होता, म्हणून ते दोघं बापलेक हॉटेलच्या तलावात डुंबायला थांबले आणि आम्ही मायलेकी निघालो.

गाईड म्हणजे पन्नाशीचे, ठेंगणे, शांत गृहस्थ. गाडी तेच चालवत होते. मला 'सेन्योरा' म्हणायचे, म्हणजे आपल्याकडच्या 'बाईं'सारखं. ते इंग्रजीत बोलत, माझं अडलं की लेक मदत करी. निघता निघता त्यांना आईचा फोन आला. त्यांचं बोलणं मला स्पॅनिशसारखं वाटेना. शब्द मध्येच तोडल्यासारखे, घशात अडकल्यासारखे. विचारलं, ही कोणती भाषा? ते म्हणाले, "माया."

मी ओशाळले. आदल्या दिवशी मी दिवसभर 'माया लोक असे होते, तसे होते' असं म्हणत होते. मला वाटायचं, हडप्पा-मोहेंजोदडोसारखं ते सगळं संपलं. 2012 साली जगबुडी होणार अशी आवई उठली होती, तेव्हा आपल्या वर्तमानपत्रांतही 'लुप्त झालेले माया' असंच छापून यायचं. प्रत्यक्षात मेक्सिकोच्या 2020 सालच्या जनगणनेत एकट्या युकातेक माया भाषेचे पावणेआठ लाखांच्या आसपास बोलणारे नोंदले गेले. ग्वाटेमालात मायाकुळातल्या आणखी वीसेक भाषा आहेत, त्या वेगळ्याच.

रस्ता सरळसोट. डोंगर नाही, नदी नाही, खाली सगळा चुनखडीचा दगड. मध्येच घायपाताच्या जातीची झाडं दिसली. आपण दोरीला वापरतो त्या घायपाताला इंग्रजीत सिसल म्हणतात. ते नाव इथल्याच सिसाल बंदराचं. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी या वाखावर इथले जमीनदार गबर झाले, आणि माया मजूर पिढ्यान्‌पिढ्या त्यांच्या कर्जात अडकले.

तासाभरात इसामाल आलं. अख्खं गाव हळदीच्या रंगाचं. दुकानं पिवळी, घरं पिवळी, चौकात टांगे उभे. मधोमध उंचावर एक मठ. पायऱ्या चढून गेलं की पुढ्यात प्रचंड अंगण आणि चहूकडून पंच्याहत्तर कमानींची ओवरी. 1993 साली पोप जॉन पॉल दुसरे इथे येऊन अमेरिका खंडातल्या मूळ रहिवाशांना भेटले होते. मी म्हटलं, टेकडीवर छान बांधलाय हो मठ. गाईड हसले. म्हणाले, "सेन्योरा, या मुलुखात टेकड्या नाहीत."

ती टेकडी म्हणजे मायांच्या मोठ्या देवळाचा चौथरा. स्पॅनिश फ्रान्सिस्कन साधूंनी वरचं देऊळ पाडलं आणि त्याच दगडांनी मठ उभारला. 1561 मध्ये तो पुरा झाला. भिंतीत मधूनच एखादा कोरीव दगड दिसतो. दोन रस्ते पलीकडे किनिच काक मो नावाचा पिरॅमिड अजून शाबूत आहे. उंची पस्तीस मीटरच्या आसपास, पण पसारा असा की तळाचा चौथरा चढून गेल्यावर कळतं, खरा पिरॅमिड पुढेच आहे. मी चौथऱ्यावरच बसले. लेक वर जाऊन आली.

मठाजवळ एका साधूचा पुतळा आहे. दिएगो दे लांदा. हा 1549 साली, पंचविशीत, स्पेनहून इथे आला. मठाच्या उभारणीत त्याचा मोठा वाटा. गाईड म्हणाले, "याची गोष्ट इथे सांगत नाही. मानीला गेल्यावर सांगतो." शिक्षकाला कळतं, समोरचा कुठल्या क्रमानं शिकवणार आहे ते. मी गप्प बसले.

वाटेत आकान्सेहला दहा मिनिटं थांबलो. एकाच चौकात पिरॅमिड, चर्च आणि भाजीबाजार. बायका टोमॅटो निवडताहेत आणि मागे दीड हजार वर्षांपूर्वीचे चुन्याचे मोठाले मुखवटे गवती छपराखाली उभे आहेत. कुणी त्यांच्याकडे मान वर करून बघतसुद्धा नव्हतं. मला ते फार आवडलं.

पुढचं मायापान ही मायांची शेवटची मोठी राजधानी. नऊ किलोमीटरचा तट आणि आत चार हजारांवर बांधकामं. चिचेनच्या पिरॅमिडची धाकटी प्रत इथे आहे. पंधराव्या शतकाच्या मध्याला शिऊ घराण्यानं इथल्या कोकोम राजांविरुद्ध उठाव केला, शहर ओस पडलं, आणि शिऊंनी मानीला बस्तान हलवलं. पुढे स्पॅनिश आले तेव्हा हेच शिऊ त्यांना जाऊन मिळाले. भाऊबंदकीचा इतिहास मराठी माणसाला वेगळा समजावून सांगावा लागत नाही.

मानीला पोचेपर्यंत जेवणवेळ टळून गेली होती. भाजलेल्या भोपळ्याच्या बिया आणि टोमॅटो वाटून केलेली 'सिकिल पाक' नावाची चटणी मक्याच्या टॉर्टियाबरोबर खाल्ली. आपल्या जवसाच्या चटणीची लांबची बहीण शोभेल. जेवताना गाईडनी मीठ पसरून त्यावर मायांचे आकडे काढून दाखवले. ठिपका म्हणजे एक, आडवी रेघ म्हणजे पाच, आणि शंखासारखं चिन्ह म्हणजे शून्य. शून्य त्यांनी आपलं आपण शोधलं होतं. मोजणी विसांची. माझी आजी 'तीन विसा आणि दोन' असं मोजायची. ती इथल्या बाजारात फसली नसती.

मग चर्चसमोरच्या अंगणात गेलो. उघडं, रखरखीत. कोपऱ्यात थोडी सावली होती, तिथे बसलो, आणि त्यांनी लांदाची गोष्ट सांगितली.

1562 साली मानीजवळच्या एका गुहेत जुन्या मूर्ती आणि मानवी कवट्या सापडल्या. बाप्तिस्मा घेतलेले लोक चोरून जुने देव पुजतात, हे उघड झालं. लांदा तेव्हा इथल्या फ्रान्सिस्कनांचा प्रमुख होता. त्यानं धरपकड केली, माणसांना टांगून, चाबकानं फोडून कबुलीजबाब घेतले. पुढच्या चौकशीत आढळलं, की या छळात दीडशेहून अधिक माणसं दगावली होती. आणि 12 जुलैला या अंगणात मूर्ती आणि पोथ्या जाळल्या. पोथ्या झाडाच्या सालीच्या कागदावर चुन्याचा लेप देऊन लिहिलेल्या, पंख्यासारख्या घड्या घातलेल्या. त्यांत सैतानी थोतांडच होतं, असं लांदानं नंतर लिहून ठेवलं, आणि लोकांना त्याचं फार दुःख झालं, हेही त्यानंच लिहिलं.

जगात अशा पोथ्या आता फक्त चार आहेत. तीन ड्रेस्डेन, माद्रिद आणि पॅरिसला. चौथी मेक्सिकोत, तिच्या खरेपणावर 2018 साली शिक्कामोर्तब झालं. ड्रेस्डेनच्या पोथीत शुक्राची आणि ग्रहणांची कोष्टकं आहेत. एका पोथीत एवढं, तर जळालेल्यांत काय असेल, या विचारानं मी त्या अंगणाकडे बघत राहिले.

लांदाला जाब द्यायला स्पेनला जावं लागलं. तिथे 1566च्या सुमारास त्यानं युकातानची हकीकत लिहिली. शेतं, सण, पंचांग, घरं, सगळं बारकाईनं. त्यात मायांची 'मुळाक्षरं'ही दिली. तो निर्दोष सुटला आणि बिशप होऊन परत आला. हकीकत धूळ खात पडली. तिची नक्कल 1862 साली माद्रिदला एका फ्रेंच पाद्र्याला सापडली. आता लिपी उलगडणार म्हणून विद्वान सरसावले, पण त्या अक्षरांनी कुठलाच शब्द जुळेना. लांदानं काहीतरी ठोकून दिलंय, असंच कित्येकांना वाटू लागलं.

इथे माझ्यातली मास्तरीण जागी झाली. कारण घोळ कुठे झाला ते मला ऐकताक्षणी कळलं. लांदानं माया लेखनिकाला स्पॅनिश अक्षरांची नावं सांगितली. 'ब'चं स्पॅनिश नाव 'बे'. लेखनिकानं ऐकलं 'बे', आणि रस्त्यावर पाऊल उमटल्याचं चिन्ह काढलं, कारण मायात 'बे' म्हणजे रस्ता. (आपल्याकडे बे एके बे झालं असतं.) लांदाला हवा होता नुसता व्यंजनाचा आवाज. लेखनिकाच्या लिपीत असा सुटा आवाज नव्हताच. त्यात व्यंजन येतं ते स्वराला घेऊनच. क नाही, तर का, कि, कु. अख्ख्या शब्दांची चिन्हंही आहेत, पण आवाजाची चिन्हं ती अशी. मंडळी, ही बाराखडीच नाही का? आपल्यासारखा काना-मात्रा नाही, दरेकाला वेगळं चित्र, पण तत्त्व तेच. रोमन अक्षरांत वाढलेल्या माणसाला ते दिसलं नाही.

लेखनिक बहुधा वैतागलाही असावा. लांदानं एखादं वाक्य लिहून दाखव म्हटलं, तर त्यानं लिहिलं, "मा इन काती". अर्थ, "मला नकोय". लांदानं तेही उतरवून घेतलं! वर्गात पाटीवर असली उत्तरं मी पाहिलेली आहेत.

हे कोडं 1952 साली सुटलं. युरी क्नोरोझोव हा तिशीतला रशियन संशोधक, मायाभूमीत तोवर पाऊलही न टाकलेला. ड्रेस्डेनच्या पोथीत टर्की कोंबड्याच्या चित्रावर दोन चिन्हं होती. पहिलं लांदानं 'कु' म्हणून दिलेलं. मायात टर्की म्हणजे 'कुत्स'. म्हणजे दुसरं 'त्सु' असणार. मग कुत्र्याच्या चित्रावर पाहिलं, तर तेच 'त्सु' आणि पुढे लांदाचं 'ल'चं चिन्ह. ते 'लु' वाचलं की 'त्सु-लु'. आणि मायात कुत्र्याला शब्द होता 'त्सुल'. शेवटचा स्वर लिहायचा, उच्चारायचा नाही. आपण तरी काय करतो? 'घर' लिहिताना 'र'मध्ये अ असतो, बोलताना तो गिळतो. तो 'त्स'सुद्धा आपल्या चमच्यातला 'च' आहे. पाश्चात्त्य पंडितांनी पुढे वीस-पंचवीस वर्षं हे मान्य केलं नाही. आज बहुतेक शिलालेख वाचता येतात, ते या वाटेनं. पोथ्या जाळणाऱ्यानंच किल्ली लिहून ठेवली होती, याचा राग मानावा की काय मानावं, हे माझं अजून ठरत नाही.

गाईडना हे सगळं माहीत होतं, कारण मायाभाषकांसाठी भरलेल्या लिपीच्या शिबिराला ते जाऊन आले होते. त्यांनी माझ्या वहीत तीन चिन्हं काढली, त्यातलं पहिलं माशाचं. का, का, वा. वाचायचं 'काकाव', म्हणजे कोको. मी त्याखाली देवनागरीत लिहिलं. त्यांनी माझं अक्षर बोटानं गिरवून पाहिलं. मग म्हणाले, त्यांच्या मुलींना माया कळते, पण उत्तर स्पॅनिशमध्ये येतं. मी माझ्या नातवाचं सांगितलं. त्याला मराठी कळतं, उत्तर इंग्रजीत येतं. लेकीनं तेवढं भाषांतर जरा चाचरत केलं.

निघण्याआधी गावातल्या एका परसात त्यांनी नांगी नसलेल्या मधमाश्या दाखवल्या. पोकळ ओंडक्यांत पाळलेल्या. माद्रिदच्या पोथीत कित्येक पानं याच मधमाश्यांच्या पालनावर आहेत. त्या परसातल्या आजीबाईंनी ती पोथी पाहिलेली असण्याचा संभव नाही. ओंडक्याचं तोंड कसं लिंपायचं, ते त्यांना सासूनं शिकवलं होतं.

मेरिदाला पोचेपर्यंत दिवे लागले होते. नातू ओल्या केसांनी पलंगावर लोळत होता. वही दाखवली. त्यानं मासा ओळखला, खालचं 'का' अडखळत वाचलं, आणि चक्क मराठीत विचारलं, "आजी, मासा 'का' का?"

हे मी वाटेत गाईडना विचारून घेतलं होतं. म्हटलं, "अरे, त्यांच्या भाषेत माशाला 'काय' म्हणतात, त्यातला पहिला आवाज."

"काय म्हणतात?"

"काय."

"अगं पण काय म्हणतात?"

जावई दारात उभे राहून हसत होते. मी पेन्सिल काढली आणि त्याला माझ्या शेजारी बसवलं.