तीस लाखांचं कर्ज, बासष्ट लाखांची फेड

केडगावला किंवा सावेडीत टू बीएचके बघायला गेलेल्या नवरा-बायकोला बिल्डरच्या ऑफिसात हमखास विचारलं जातं, ‘हप्ता किती झेपेल?’ बँकेत गेलं की पुन्हा तेच. घरी आल्यावर चर्चा होते तीही हप्त्याचीच. तो पगारात बसला की सगळे निश्चिंत. शेवटपर्यंत मिळून आपले किती रुपये जाणार, हे मात्र फारसं कुणी विचारत नाही. पतसंस्थेत ठेव अडकली की नगर जिल्ह्यात मोर्चे निघतात, उपोषणं होतात. कर्जात दहा-वीस लाख जास्तीचे गेले तर त्याची साधी कुरबुरही ऐकू येत नाही, कारण गेलेले कळतच नाहीत.

आकडेच मांडू. समजा फ्लॅट ४० लाखांचा आहे. १० लाख घरचे, ३० लाखांचं कर्ज. व्याज ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता बसतो २६,०३५ रुपये. असे २४० हप्ते भरले की बेरीज होते ६२ लाख ४८ हजार. म्हणजे ३० लाख वापरायला मिळावेत म्हणून ३२ लाख ४८ हजार व्याज गेलं. दर ८ टक्के असता तरी २० वर्षांत व्याज मुद्दलाला गाठतंच.

पहिल्या हप्त्यात किती मुद्दल?

बँकेकडून परतफेडीचा तक्ता मागून घ्या आणि त्यातली पहिली ओळ वाचा. वरच्या उदाहरणात ती अशी असेल: हप्ता २६,०३५, त्यात व्याज २१,२५०, मुद्दल ४,७८५. शिल्लक २९,९५,२१५. पहिल्या वर्षभरात खिशातून जातात ३ लाख १२ हजार, पण कर्ज कमी होतं जेमतेम ६० हजारांनी.

यात बँकेची लबाडी नाही. व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला शिल्लकच सगळ्यात मोठी असते. हप्ता कायम तोच, पण त्याच्या पोटातली वाटणी दर महिन्याला थोडी थोडी मुद्दलाकडे सरकते. हे सरकणं फार संथ असतं. मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा व्हायला या कर्जात १४३ वा हप्ता उजाडतो, म्हणजे बारावं वर्ष संपत येतं. दहा वर्षं एकही हप्ता न चुकवता भरले तरी डोक्यावर २१ लाख उभे असतात. निम्मं मुद्दल फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात. सात-आठ वर्षांनी घर विकायला निघालेल्या माणसाला बँकेचं बाकी रकमेचं पत्र हातात पडल्यावर धक्का बसतो तो यामुळेच.

मुदत वाढली की हप्ता हलका, कर्ज जड

आता दर तोच ठेवू, कर्जही ३० लाखांचंच, फक्त मुदत बदलू.

१५ वर्षं: हप्ता २९,५४२, एकूण व्याज २३ लाख १८ हजार.
२० वर्षं: हप्ता २६,०३५, एकूण व्याज ३२ लाख ४८ हजार.
२५ वर्षं: हप्ता २४,१५७, एकूण व्याज ४२ लाख ४७ हजार.
३० वर्षं: हप्ता २३,०६७, एकूण व्याज ५३ लाख ४ हजार.

वीसची मुदत तीसवर नेली तर महिन्याला तीन हजारसुद्धा वाचत नाहीत, आणि व्याज साडेवीस लाखांनी वाढतं. ‘हप्ता जड जातोय का? मुदत वाढवून देतो,’ हे वाक्य कानाला गोड लागतं. त्याची किंमत या चार ओळींत आहे. घासाघीस करताना आपण पाव टक्क्यासाठी चार बँकांचे उंबरे झिजवतो आणि मुदतीच्या रकान्यात समोरचा जो आकडा भरेल त्यावर सही करतो. खरा फरक त्या रकान्यात असतो.

न विचारता वाढलेली वर्षं

मुदत आपण न वाढवताही वाढते. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या दराशी जोडावी लागतात. बहुतेक बँकांनी रिझर्व्ह बँकेचा रेपो दर घेतला. मे २०२० मध्ये तो ४ टक्के होता. मे २०२२ पासून चढत चढत फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ टक्क्यांवर गेला.

एप्रिल २०२२ मध्ये कुणी ७ टक्क्यांनी ३० लाख, २० वर्षांसाठी घेतले असतील तर हप्ता होता २३,२५९. दहा महिन्यांत दर ९.५ झाला. तेव्हा शिल्लक मुद्दल साडेएकोणतीस लाखांच्या आसपास, आणि त्यावरचं महिन्याचं व्याज २३,३०० च्या वर. मुद्दल कमी होणं राहिलं बाजूला, हप्त्यात व्याजही भागेना. अनेक ठिकाणी हप्ता तसाच ठेवून मुदत लांबवली गेली. पगारातून कापली जाणारी रक्कम बदलली नाही, त्यामुळे घरात कुणाच्या लक्षातही आलं नाही. पन्नाशीला संपेल म्हणून घेतलेलं कर्ज निवृत्तीच्या पलीकडे गेलं.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने याला चाप लावला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे ग्राहकाला विचारलं पाहिजे. व्याजही भागणार नाही इतका हप्ता ठेवता येणार नाही. दर तिमाहीला आतापर्यंत वसूल केलेलं मुद्दल आणि व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर दाखवणारं विवरण दिलं पाहिजे.

२०२५ मध्ये वारं फिरलं. फेब्रुवारी ते डिसेंबर या काळात रेपो ६.५ वरून ५.२५ वर आला. दर उतरला की हप्ता कमी करून घ्यायचा मोह होतो. तो आवरा. ८.५ चा दर ८ झाला आणि हप्ता २६,०३५ च ठेवला, तर ३० लाखांचं कर्ज २४० ऐवजी २२० महिन्यांत फिटतं आणि हप्ता घटवून घेण्याच्या तुलनेत २ लाख ९५ हजार वाचतात. कर्ज जुनं असेल आणि नव्या ग्राहकाला तीच बँक स्वस्तात देत असेल, तर थोडी फी भरून दर बदलून मिळतो का, ते शाखेत जाऊन विचारा. बँक आपणहून फोन करून हे सांगेल, अशी वाट बघत बसू नका.

घराच्या किमतीत न दिसणारे आकडे

स्टँप ड्युटी नगरच्या महापालिका हद्दीत साधारण सहा टक्के धरा. ४० लाखांवर २ लाख ४० हजार. नोंदणी फी ३० हजार. घर फक्त बाईच्या नावावर घेतलं तर ड्युटीत एक टक्का सवलत आहे, पण नवरा-बायको दोघांची नावं लावली की ती जाते. बांधकाम चालू असलेल्या इमारतीत जीएसटी येतो: किंमत ४५ लाखांपर्यंत आणि चटई क्षेत्र ९० चौरस मीटरपर्यंत असेल तर आपल्यासारख्या शहरात एक टक्का, नाहीतर पाच. पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या घराला तो नाही. ड्युटी आणि नोंदणीचा खर्च सहसा कर्जात धरला जात नाही, त्यामुळे हे पैसे रोख लागतात. मग घरचं सोनं गहाण पडतं किंवा पतसंस्थेतून वरचं कर्ज निघतं, आणि त्याचा दर गृहकर्जापेक्षा चढाच असतो.

तिथे ‘फ्लॅट’ दर सांगितला तर कान टवकारा. १० लाखांवर ९ टक्के फ्लॅट, १० वर्षं, म्हणजे ९ लाख व्याज आणि हप्ता १५,८३३. इथे व्याज शेवटपर्यंत मूळ १० लाखांवरच मोजलं जातं. बँकेच्या घटत्या शिलकीच्या पद्धतीने तोच दर साडेचौदा टक्के पडतो.

इमारत अर्धवट असताना बँक टप्प्याटप्प्याने पैसे सोडते आणि तोवर सोडलेल्या रकमेचं नुसतं व्याज घेते. १५ लाख सुटलेले असतील तर महिन्याला १०,६२५. बिल्डरने दोन वर्षं लावली तर अडीच लाख गेले, मुद्दल जागच्या जागी, आणि वर चालू घराचं भाडं आहेच.

आणखी एक आकडा सह्यांच्या गठ्ठ्यात लपतो. कर्जाबरोबर एकरकमी हप्त्याचा विमा देतात आणि तो हप्ता कर्जातच मिळवतात. एक लाखाचा विमा २० वर्षांच्या कर्जात मिळवला की ८.५ टक्क्यांनी २ लाख ८ हजारांना पडतो. कर्त्या माणसाचा विमा हवाच, पण तो याच बँकेकडून घ्यावा असं बंधन नाही. साधी टर्म पॉलिसी वेगळी काढून दरवर्षी भरलेली बरी.

करसवलतीचा हिशेबही पुन्हा करा. जुन्या पद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते. नव्या पद्धतीत राहत्या घराला ती नाही, आणि ज्याने वेगळं काही निवडलं नाही तो आता नव्या पद्धतीतच मोजला जातो.

ज्यांचं उत्पन्न बेताचं आहे त्यांनी पंतप्रधान आवास योजनेच्या शहरी दुसऱ्या टप्प्याची चौकशी जरूर करावी. वार्षिक उत्पन्न ९ लाखांपर्यंत, घर ३५ लाखांपर्यंत, कर्ज २५ लाखांपर्यंत आणि देशात कुठेही पक्कं घर नसेल, तर व्याजात जास्तीत जास्त १ लाख ८० हजारांचं अनुदान आहे.

हिशेब मागण्याची इथली परंपरा

या जिल्ह्याला कर्जाच्या कागदांचा इतिहास आहे. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला सावकारांविरुद्ध उठाव झाला आणि त्याचं लोण पारनेर, श्रीगोंद्याकडे पोहोचलं. अमेरिकेतल्या यादवी युद्धाच्या काळात वधारलेला कापूस कोसळला होता, शेतसारा वाढला होता, सावकारांनी हात आखडता घेतला होता. लोकांचा राग माणसांपेक्षा कागदांवर होता. खतं, रोखे शोधून काढले आणि जाळले. कारण अंगठा उमटवलेल्या त्या कागदात मुद्दल किती आणि व्याज किती, हे कुळाला कधी कळतच नसे.

सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी वेगळा कायदा आला. पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर हे त्याचे जिल्हे. कोर्टाने रोख्यावरच्या आकड्यावर न थांबता मूळ व्यवहारात शिरावं, मुद्दल आणि व्याज वेगळं मोजावं, सावकाराने पावती द्यावी, वर्षाचा हिशेब द्यावा, मागितल्यास पासबुक द्यावं, असं त्यात होतं. मुंबई इलाख्यातली कोर्टं दामदुपटीचा नियमही मानत: एका वेळी वसूल करायचं व्याज मुद्दलापेक्षा जास्त असता कामा नये. आजच्या गृहकर्जाला तो लागू नाही. व्याज दर महिन्याला भरलं जातं, साचत नाही. म्हणून २० वर्षांत दामदुप्पट ओलांडूनही कुणाला ती जाणवत नाही.

कुळांना जे दंगा करून मिळालं ते आपल्याला आता आयतं मिळतं. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जाबरोबर मुख्य तथ्यांचं पत्रक देणं बंधनकारक आहे. सगळे खर्च धरून पडणारा वार्षिक दर आणि परतफेडीचा तक्ता त्यात असतो. ते समजेल अशा भाषेत मिळालं पाहिजे. सही करण्याआधी मागा, घरी न्या, दोघांनी बसून वाचा.

आधी भरलेला रुपया

बदलत्या दराच्या गृहकर्जात मुदतीआधी पैसे भरले तर बँक दंड लावू शकत नाही. दिवाळीचा बोनस, शिक्षकांचा वेतन फरक, उसाचा शेवटचा हप्ता, नेप्तीच्या बाजारात एखाद्या साली साधलेला कांदा, असा पैसा नगरच्या घरांत येत-जात असतो. तो कधी भरला याला फार किंमत आहे. वरच्या कर्जात पहिलं वर्ष संपताना २ लाख जादा भरले, तर ३४ महिने कमी होतात आणि ६ लाख ८८ हजारांचं व्याज वाचतं. तेच २ लाख दहाव्या वर्षाअखेर भरले तर वाचतात २ लाख ४० हजार. दरवर्षी एक हप्ता जास्तीचा भरणाऱ्याचं कर्ज पावणेसतरा वर्षांत संपतं आणि सव्वासहा लाखांच्या आसपास वाचतात. भरताना ‘हप्ता तोच ठेवून मुदत कमी करा’ असं लेखी द्या.

अर्थात घरातला शेवटचा रुपया कर्जात घालू नये. दवाखान्यासाठी सहा महिन्यांचा खर्च बाजूला असावा. सोन्यावरचं, पतसंस्थेचं, क्रेडिट कार्डाचं महाग देणं आधी फेडावं. वीस वर्षांनंतरचे २६ हजार आजच्या २६ हजारांइतके जड नसतील, हेही खरं. तेव्हा कर्जाला घाबरायचं कारण नाही. फक्त आपण किती रुपये मोजतोय ते माहीत असावं.

शेवटचा हप्ता गेला म्हणून काम संपत नाही. १ डिसेंबर २०२३ पासून पूर्ण फेडीनंतर ३० दिवसांत मूळ कागद परत देणं आणि नोंदवलेला बोजा उतरवणं कर्ज देणाऱ्या संस्थेवर बंधनकारक आहे. तिच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे. एनए प्लॉटवर घर बांधलेल्यांनी बेबाकीचा दाखला घेऊन तलाठ्याकडे जावं आणि नवा सातबारा काढून इतर हक्कांचा रकाना स्वतः वाचावा. बँकेचं नाव तिथे तसंच राहिलं, तर घर विकताना किंवा मुलाच्या शिक्षणासाठी त्यावर कर्ज काढताना फिटलेल्या कर्जासाठी पुन्हा चपला झिजवाव्या लागतात.