मराठीचे दोन फ्रेंच अभ्यासक

फ्रान्स म्हटले की आपणांस नेपोलियन आठवतो, नाहीतर रूसो नि व्हॉल्तेअर. १७८९ च्या क्रांतीवर तर कामगारांच्या अभ्यासवर्गात रात्र रात्र वाद चालतात. पण ज्या दोन फ्रेंच माणसांनी आपल्या मराठीपायी वर्षेच्या वर्षे वेचली, त्यांची नावे फार थोड्यांच्या कानी आहेत.

पहिले ज्यूल ब्लॉक (१८८०–१९५३). मराठीच्या घडणीवरील त्यांचा ग्रंथ १९२० साली पॅरिसमध्ये छापून निघाला. वासुदेव गोपाळ परांजपे यांनी केलेला त्याचा अनुवाद, ‘मराठी भाषेचा विकास’, १९४१ चा. शब्द मनास येईल तसे बदलत नाहीत, त्यांना नियम असतो, हे तो ग्रंथ दाखवितो. ‘हस्त’ प्राकृतात ‘हत्थ’ झाला नि मराठीत ‘हात’. त्याच वाटेने ‘कर्म’चे ‘कम्म’ आणि ‘कम्म’चे ‘काम’. जोडाक्षर सुटले, मागचा स्वर लांबला. हात आणि काम हे आम्हां कामगारांचे दोन्ही शब्द असे एकाच नियमाने घडले आहेत!

ब्लॉक यांचा आधार मुख्यतः लिखित मराठीचा. पण पहाटे जात्यावर बसणाऱ्या बाईचे बोलणे लिहून ठेवले कोणी?

ते काम दुसऱ्याने केले. गी पॉइत्वाँ १९७२ मध्ये पुण्यास आले, १९७८ मध्ये भारतीय नागरिक झाले. हेमा राईरकर यांच्यासह त्यांनी मावळ-मुळशीच्या डोंगराळ गावांत, म्हणजे आपल्या कर्जतहून बोरघाट चढले की लागणाऱ्या मुलखात, गरीब शेतकरी-कष्टकऱ्यांत काम मांडले. तेथे बायका बोलेनात. सभेत मागे बसणारी बाई बोलत नाही, हा आम्हां संघटनावाल्यांचाही नेहमीचा अनुभव. पण जात्याचा खुंटा हाती आला की तीच बाई सासर, माहेर, भाऊ, विठोबा, सीतेचा वनवास, पुढे बाबासाहेबांविषयीही मोकळेपणी गाते. या दोघांनी ती ओवी गंमत म्हणून वेचली नाही, बाईने स्वतःच्या जिण्याविषयी दिलेली साक्ष म्हणून घेतली. गाणारीचे नाव आणि गाव ओवीसोबत नोंदविले. बघता बघता हजाराहून अधिक गावांतल्या लाखावर ओव्या जमल्या. बर्नार बेल या तिसऱ्या फ्रेंच माणसाने १९९० नंतरच्या दशकात त्यांतील कित्येक ध्वनिमुद्रित केल्या.

हे सारे वेळेवर झाले. गावोगाव पिठाची गिरणी आली, जाते कोपऱ्यात गेले, आणि दळणाऱ्या हातांची सुटका झाली ती चांगलीच झाली. पण दळताना येणारे गाणेही त्यासरशी थांबले. पॉइत्वाँ २००४ मध्ये वारले, हेमाताई २०१० मध्ये. २०१७ पासून ‘पारी’ या संकेतस्थळाने त्या ओव्या लोकांपुढे ठेवण्यास आरंभ केला. तेथे म्हाताऱ्या आवाजांच्या मागे कधी कधी जात्याची घरघरही ऐकू येते.